डिप्टींची डायरी

‘आज सकाळी नाल्याच्या काठाने फिरलो. बेकायदा तोड आढळली नाही. बेकायदा चराई आढळली नाही. बेकायदा फक्त एक अस्वल आढळले. ते रैनीबाईच्या मोहाखाली बसून फुले खात होते. मला बघून त्याने खाणे थांबवले नाही, म्हणून मीही त्याची चौकशी केली नाही. दोघे आपापल्या कामाला लागलो.’

हे मी रचलेलं नाही. जंगल खात्याच्या छापील वहीत, ‘केलेले काम’ या रकान्यात, शिसपेन्सिलीने लिहिलेली ही अधिकृत नोंद आहे. लिहिणारे आमचे डिप्टी रेंजर, आणि ती वाचून कपाळाला हात लावणारा मी, रेंज ऑफिसातला नवा कारकून.

तेव्हा चंद्रपूरला चांदा म्हणत आणि गडचिरोली त्या चांद्याचाच एक भाग होता. आमचं ऑफिस म्हणजे कवेलूंच्या छपराचं एक लांबट घर. पुढे सागाची रांग, मागे लांबवर सूरजागडचे डोंगर. मोटार दिवसाआड यायची, आणि पावसाळ्यात नाल्याच्या मर्जीने. मी नागपूरचा, सीताबर्डीवर वाढलेला. माझं अक्षर सुरेख होतं आणि त्याचा मला भारी गर्व होता. अशा माणसाला या रानात टाकलं म्हणजे सरकारचं माझ्याशी काहीतरी वैर असणार, अशी माझी खात्री होती.

मी रुजू झालो त्या दिवशी माझं सामान बैलगाडीतून उतरत होतं. दोन ट्रंका, होल्डॉल, घडीची खाट, चिनीमातीच्या कपबशा, पुरुषभर उंचीचा आरसा आणि विजेवर चालणारा टेबल लॅम्प. वीज पन्नास कोसांत नव्हती, तरी लॅम्प आणला होता. आवारातल्या कुसुमाच्या झाडाखाली खाकी सदरा घातलेला एक काटकुळा म्हातारा उकिडवा बसून हे सगळं पाहत होता. शेवटी उठून जवळ आला आणि अगदी मायेने म्हणाला, “बाबू, बाकीचे लोक मागून येऊन राह्यले काय?”

“कोण बाकीचे?”

“नाई, इतकं सामान एका माणसाचं कसं असन?”

मी चिडलो. शिपाई समजून त्याला ट्रंक उचलायला सांगितली. त्याने एक ट्रंक सहज खांद्यावर घेतली, खोलीत नेऊन ठेवली आणि जाता जाता, “मी इथला डिप्टी हावो,” असं सांगून गेला. पुढे दोन दिवस मी त्यांच्यासमोर गेलो नाही.

त्यांचं स्वतःचं सामान मी नंतर पाहिलं. खाकी सदरे दोन, एक घोंगडी, पितळेचा लोटा, भात शिजवायचा एक गंज आणि पेन्सिलीला टोक करायचा चाकू. बायको फार पूर्वीच गेली होती, मुलगी अहेरीकडे दिली होती. सरकारने त्यांना दोन खोल्यांचं क्वार्टर दिलं होतं, पण ते झोपायचे ओसरीवर. पहिल्या खोलीत नाल्यापलीकडच्या वनगावाचं धानाचं बियाणं ठेवलेलं असे, कारण साऱ्या मुलखात न गळणारं छप्पर तेवढं एकच होतं. दुसऱ्या खोलीत पाकोळ्यांनी घरटी केली होती. खोल्या रिकाम्या पडल्यात, असं रेंजरसाहेब एकदा म्हणाले तेव्हा डिप्टींना खरंच नवल वाटलं. “रिकाम्या कुठी हायेत जी?” ते म्हणाले. “बसाले जागा नाई.”

आता माझं वय ऐंशीपुढे गेलं. साध्या राहणीवर व्याख्यानं देणारे लोक मी पाहतो. चपलांपासून पाण्याच्या बाटलीपर्यंत त्यांचं साधेपण ठरवून आणलेलं असतं. डिप्टींना ‘साधी राहणी’ हा शब्दही माहीत नव्हता. जास्त वस्तू ठेवल्या की त्यांच्याकडे बघण्यात वेळ जातो, आणि बाहेर तर इतकं चालू असतं, एवढाच त्यांचा हिशेब. ते खुर्चीत बसत नसत. मी आग्रह केला की म्हणायचे, “खुर्चीत बसलं का माणसाले झोप येते. उकिडवा माणूस पटकन उठते.” आणि उठायचेही. बोलणं अर्धवट टाकून उठायचे. रेंजरसाहेबांच्या घरी सत्यनारायण होता, तेव्हा हातावर तीर्थ घेतलं आणि तसेच ओंजळ धरून परसात गेले, कारण चिंचेवर हळद्या बोलला होता. भटजी थांबले, आम्ही थांबलो. पाच मिनिटांनी परत आले, तीर्थ प्यायले आणि बाईसाहेबांना म्हणाले, “घरटं करून राह्यला बाई. तुमच्या घरी पावना आला.” रेंजरसाहेब तांबडेलाल झाले होते. बाईसाहेब मात्र दुसऱ्या दिवसापासून रोज चिंचेखाली जाऊन वर बघायला लागल्या.

घड्याळाचं त्यांना वावडं होतं. डायरीत फिरतीची वेळ लिहावी लागे. डिप्टी पाखरांवरून लिहीत, ‘तांबट ठोकायला लागला तेव्हा निघालो, सातभाई पाण्यावर उतरले तेव्हा परतलो.’ चांद्याच्या विभागीय कचेरीतून शेरा आला, वेळ तासांत लिहावी. डिप्टींनी त्याच कागदामागे उत्तर लिहिलं, ‘तांबट तासांत ठोकत नाही.’ तो कागद मी घाबरून फाईलमध्ये खूप खाली घातला.

लिहिण्याच्या बाबतीत मात्र ते विलक्षण कडक होते. मला कविता करायची खोड होती. एकदा मोठ्या धीराने मी त्यांना पळसावरच्या चार ओळी वाचून दाखवल्या. त्यात ‘सुंदर’ तीनदा आणि ‘रम्य’ दोनदा होतं. त्यांनी लक्ष देऊन ऐकलं आणि विचारलं, “हा पळस कुठचा?”

“कुठलाही. पळस.”

“मंग मी कसा जाऊ त्याच्यापाशी? सुंदर म्हटल्यानं झाड सापडत नाई, बाबू. माणसानं तुमचा कागद हातात घेतला का सीधा त्या झाडापाशी गेला पायजे. नाईतर कायले लेहाचं?”

मला राग आला. पण त्या दिवसानंतर माझ्या कवितेत ‘सुंदर’ आलं की पेन अडखळायचं, आणि अडखळता अडखळता कविताच बंद पडली. मराठी वाचकांवर डिप्टींचे हे उपकार आहेत.

आता मुद्द्याचं सांगतो. डिप्टींच्या डायऱ्या दर आठवड्याला माझ्याकडे येत. मी त्यांचा इंग्रजी गोषवारा करायचा, मूळ डायरी त्याला जोडायची आणि रेंजरसाहेबांच्या सहीने ते सारं चांद्याला पाठवायचं, असा रिवाज होता. तिथून शेरे येत. वेळेचा शेरा सोडला तर पहिला आला, ‘दैनंदिनी कर्तव्यापुरती मर्यादित असावी.’ दुसरा आला, ‘अस्वलांचे वर्तन अनावश्यक.’ आणि पावसाळ्याच्या तोंडावर तिसरं पत्र आलं. त्यात शेरा नव्हता, इशारा होता. असा मजकूर पुन्हा आल्यास सदर डिप्टी रेंजरला जंगलातून काढून लाकडाच्या डेपोत बसवण्यात येईल.

पत्र मीच त्यांना वाचून दाखवलं. दोन दिवस त्यांची डायरी कोरी राहिली. तिसऱ्या दिवशी मीच ओसरीवर गेलो तर ते भिंतीला टेकून पाय लांब करून बसले होते. त्यांना असं बसलेलं मी कधी पाहिलं नव्हतं.

“डेपोत सारे झाडं आडवे असतात ना, बाबू?” त्यांनी विचारलं.

“हो.”

“आडव्या झाडासंगं मी काय बोलू?”

मी तिथल्या तिथे ठरवलं आणि म्हणालो, “डिप्टी, तुम्ही लिहा. जसं लिहिता तसंच लिहा. पुढचं मी बघतो.”

पुढचं मी असं बघितलं. चांद्याला फक्त गोषवारा पाठवायचा, मूळ डायऱ्या माझ्या ट्रंकेत ठेवायच्या. मूळ डायऱ्या आल्या नाहीत म्हणून चांद्याहून कोणी विचारलं नाही. वाचायला कमी आलं याचा त्यांना आनंदच झाला असावा. डिप्टी दोन पानं लिहीत, त्याची मी इंग्रजीत एक ओळ करी. फिरती केली, गैरप्रकार नाही, विशेष काही नाही. माझं सुरेख अक्षर त्या ओळीला फार शोभून दिसे. रेंजरसाहेब न वाचता सही ठोकत. चांद्याहून शेरे बंद झाले. डायऱ्या फाडून टाकायचं मात्र मला जमलं नाही, कारण दुपारी ऑफिसात कोणी नसलं की मी त्या ट्रंकेतून काढून पुन्हा वाचायचो. खरं सांगायचं तर त्या वर्षी मला जेवणापेक्षा त्यांचीच ओढ असे.

मी स्वतःवर बेहद्द खूश होतो. आणि डिप्टी तर माझ्याहून खूश. दिवाळीनंतर एकदा ते मला म्हणाले, “बाबू, सायेबलोकायले आता गोडी लागली बरं का. इतके महिने झाले, एक कागद नाई. वाचून राह्यले ते.”

मी हसून मान डोलावली. तेव्हाच सांगायला हवं होतं. नाही सांगितलं, आणि मग ते साहेबासाठीच लिहायला लागले. ‘साहेब, मागच्या बुधवारचा धनेश आज त्याच फांदीवर होता.’ ‘साहेब, आपण विचाराल की नाल्यातली मोठी मासोळी गेली कुठे, तर अजून आहे.’ चांद्याच्या एका अनोळखी अधिकाऱ्याशी हा म्हातारा रोज पेन्सिलीने गप्पा मारत होता, आणि त्या गप्पा माझ्या ट्रंकेत, लोकरी बनियनखाली पडत होत्या.

शिवरात्र आली. मार्कंड्याच्या जत्रेला खात्यातून मांडवाचे बांबू जात, त्या कामावर डिप्टींना पाठवलं. ते तिकडे असतानाच आमच्याकडे चांद्याहून मार्किंगची टोळी आली. ज्या भागातली झाडं यंदा तोडायची तिथे जाऊन, खोडाची साल तासून, त्यावर सरकारी हातोड्याचा शिक्का मारायचा, हे त्यांचं काम. ते आठ दिवसांत उरकून टोळी परत गेली.

चार दिवसांनी नाल्यापलीकडच्या बाया ऑफिसात आल्या. पुढे रैनीबाई. डिप्टींच्या डायरीतून मी तिला चांगलं ओळखत होतो, समोर पहिल्यांदाच पाहिलं. त्यांच्या बोलीत साहेबालाही तूच म्हणतात. तिने रेंजरसाहेबांसमोर उभं राहून विचारलं, “तुह्या लोकानं माह्या मोहाले घाव काऊन मारला?”

त्या गावात मोहाचं एकेक झाड एकेका घराचं असतं. लिहिलेलं कुठेच नसतं, पण आजीपासून नातीपर्यंत सगळ्यांना ठाऊक असतं. ज्या घराचं झाड, त्या घरच्या बाईने खालचा पाला झाडायचा, जाळायचा आणि पहाटेपासून गळणारी फुलं वेचायची. दुसरी बाई त्या झाडाखाली वाकत नाही. फुलं वाळवून ठेवली की पावसाळ्यात घरात धान नसलं तरी चूल पेटते. टोळीने गावाचे सगळे मोह तोडणीत धरले होते.

रेंजरसाहेब वाईट माणूस नव्हते. नियमाची वही काढून त्यांनी समजावलं, “ज्या मोहाखाली गावकरी फुलं वेचतात असा ऑफिसात दाखला असेल, तो मोह सोडता येतो. पण दाखला पाहिजे ना, बाई!” मग माझ्याकडे वळून म्हणाले, “बाबू, आपल्या गोषवाऱ्यात या झाडांबद्दल काही आहे का?”

काय असणार होतं? विशेष काही नाही.

“नाही, साहेब,” मी म्हणालो. रैनीबाई माझ्याकडे पाहत राहिली आणि मी दौतीकडे.

डिप्टी परत आले ते धुळीने माखलेले आणि आनंदात. रैनीबाईकडून सगळं ऐकूनही त्यांचा चेहरा उतरला नाही. तडक माझ्या टेबलापाशी आले. “काई घाबराचं कारण नाई, बाबू. मी तिले सांगतलं. एकेक झाड लेहून हाये डायरीत. कोणाचं झाड, कोण येचते, सारं. मोठ्या सायेबानं वाचलंच असन.”

मी खुर्चीतून उठलो. त्यांच्यासमोर खाली बसलो, आयुष्यात पहिल्यांदा उकिडवा, आणि सगळं सांगून टाकलं. ट्रंकेतला गठ्ठा आणून पुढे ठेवला. म्हणालो, “कोणी वाचलं नाही, डिप्टी. माझ्याशिवाय कोणीच नाही.”

ते बराच वेळ गठ्ठ्याच्या कडेवरून बोट फिरवत होते. मला वाटलं, शिव्या देतील. दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

“अन् त्यायले काय लेहून धाडलं तुमी?”

मी सांगितलं.

“विशेष काई नाई,” ते सावकाश म्हणाले, जणू परक्या भाषेतला शब्द आहे. मग वर पाहून विचारलं, “असा एक तरी दिवस तुमी पाह्यला काय, बाबू?”

मी ढसाढसा रडलो. चोवीस वर्षांचा होतो, तरी रडलो. डिप्टींनी लोट्यातून पाणी दिलं. म्हणाले, “उठा. मोठे सायेब येणार हायेत ना कॅम्पाले? त्यायच्या हातात देऊ.”

“पण मग तुम्हाला डेपोत टाकतील.”

“टाकतीन.” त्यांनी गठ्ठा नीट जुळवला. मग म्हणाले, “मी आडवा झालो तं चालन. मोह नाई झाला पायजे.”

विभागीय साहेब कॅम्पला आले तेव्हा मोह गळायला लागला होता. साहेब वऱ्हाडातले, उंच, कमी बोलणारे, आणि ते शेरे आणि तो इशाराही त्यांच्याच सहीचा. पहिल्या पहाटेच मी गठ्ठा त्यांच्यापुढे ठेवला आणि नऊ महिने काय केलं ते एका दमात सांगितलं. रेंजरसाहेबांनी डोळे मिटून घेतले. साहेबांनी वरची डायरी उघडली, उभ्यानेच दोन पानं वाचली. तिसरं पान वाचताना बसले. मग म्हणाले, “चला, ती झाडं दाखवा. नको, डिप्टी, तुम्ही बोलायचं नाही. मी वाचून शोधतो.”

आम्ही नाला ओलांडला. पुढे साहेब डायरी उघडी धरून, मागे आम्ही, त्यामागे टोपल्या घेऊन सारं गाव. सकाळ नुकती उजाडली होती आणि फुलांच्या वासाने डोकं जड होत होतं. साहेब मोठ्याने वाचत होते, ‘नाल्यातून चढताना उजव्या हाताचा पहिला. छातीइतक्या उंचीवर अस्वलाचे चार ओरखडे, दोन जुने, दोन यंदाचे. खाली रैनीबाई राख पसरते, म्हणून तिथली माती काळी.’

त्यांनी खोडावर बोट ठेवून ओरखडे मोजले. “चार,” ते म्हणाले. ओरखड्यांच्या खालीच हातोड्याचा ताजा शिक्का होता.

दुसरं सापडलं, तिसरं सापडलं. एका झाडापाशी त्यांनी वाचलं, ‘याच्या ढोलीत पिंगळा-पिंगळी राहतात. इथे मोठ्याने बोलू नये, रागावतात.’ साहेबांनी तेवढ्यापुरता आवाज खाली आणला. ढोलीतून दोन पिवळे डोळे खरोखरच रागाने बघत होते. साहेब हसले. जिल्ह्यात त्यांना हसताना पाहिलेला मी बहुधा एकमेव कारकून.

एकही झाड चुकलं नाही. शेवटच्या झाडाखाली बसून त्यांनी हुकूम लिहिला, गावचे सगळे मोह तोडणीतून वगळावेत, आणि दाखला म्हणून सदर दैनंदिनी ग्राह्य धरावी. बायांना हुकूम समजावून सांगायची गरज पडली नाही. रैनीबाईने शेणमातीचा गोळा केला आणि झाडावरचा हातोड्याचा घाव लिंपून टाकला. पोराच्या गुडघ्याला लावतात तसा, वरून दोन थापट्या मारून. बाकीच्या बाया धावल्या आणि घटकाभरात सगळी झाडं लिंपून झाली. मग त्यांच्यातल्या एकीने गाणं उचललं आणि टोपल्या भरू लागल्या.

डिप्टींनी टोपी हातात घेऊन विचारलं, “डेपोवर कधी हजर होऊ, जी?”

“तुम्हाला डेपोत बसवलं तर मला ही पत्रं कोण लिहील?” साहेब म्हणाले. “चार महिने माझ्या नावाने लिहिताय, मला अजून वाचायची आहेत. मासोळी आहे का नाल्यात?”

“हाये ना जी! दाखवतो चला!” आणि डिप्टी साहेबांना हाताला धरून नाल्याकडे घेऊन गेलेसुद्धा. वेळ तासांत लिहायची ते मात्र साहेबांनी कबूल करून घेतलं. डिप्टी पुढे तास लिहीत आणि शेजारी तांबटही लिहीत.

माझा निकाल साहेबांनी परत आल्यावर लावला, ओल्या पायजम्याने. मी नोकरी गेली असंच धरून चाललो होतो. त्यांनी माझं सर्व्हिस बुक मागवलं आणि त्यात इंग्रजीत एक शेरा लिहिला. पुढे मी चौतीस वर्षं नोकरी केली, चांगले शेरे पुष्कळ मिळाले, त्यातला एकही आज आठवत नाही. निवृत्तीच्या वेळी नागपूरच्या ऑफिसातल्या पोरसवदा अधिकाऱ्याने माझं बुक चाळता चाळता विचारलं, “आजोबा, हे काय आहे? अर्ज करा, काढून टाकतो.” मी अर्ज केला नाही. त्या शेऱ्याचं मराठी असं होतं:

‘सदर कारकुनाने गोषवारा करताना जंगल गाळले. सक्त ताकीद.’